दाभोळ ते येलहंका: जमिनीखालच्या वाटेचा इतिहास

बंगळुरूच्या उत्तरेला, येलहंक्यात, पुट्टेनहळ्ळी तळ्याजवळ कर्नाटक पॉवर कॉर्पोरेशनचे ३७० मेगावॅटचे वीजकेंद्र आहे. १९९३-९४ पासून तिथे याच महामंडळाचे सुमारे १२८ मेगावॅटचे डिझेल केंद्र चालत असे. नवे केंद्र नैसर्गिक वायूवर चालते. कर्नाटकाच्या पोटात असा वायू नाही. तो राज्यात पहिल्यांदा आला २०१३ साली, गेल या सरकारी कंपनीच्या दाभोळ–बंगळुरू पाइपलाइनमधून. रत्नागिरी जिल्ह्यातल्या गुहागर तालुक्यात समुद्रकाठी निघालेली ही वाहिनी सह्याद्री चढते आणि कोल्हापूर, बेळगाव, धारवाड, दावणगेरे, चित्रदुर्ग, तुमकूर असे जिल्हे पार करत सुमारे हजार किलोमीटरवर बंगळुरूला पोचते. तिच्या एका टोकाला, दाभोळला, गावांनी वर्षानुवर्षे लाठ्या खाल्ल्या. दुसऱ्या टोकाला, येलहंक्यात, रहिवासी वायुकेंद्राविरुद्ध हरित लवादापर्यंत गेले. मधल्या हजार किलोमीटरमध्ये मात्र दाभोळच्या तोडीचे काही उभे राहिले नाही. ही शांतता म्हणजे लोकांची संमती, असे सहज मानले जाते. मला ते मान्य नाही. पाइपलाइनचा आकार आणि तिच्यासाठी केलेला कायदा यांनी मिळून ही शांतता घडवली आहे. जिथे वाहिनी तळ्याशी, खाडीशी किंवा नदीशी येऊन भिडते तिथेच विरोधाला पाय रोवायला जागा मिळते, असे इतिहास सांगतो.

दाभोळची गोष्ट महाराष्ट्राला माहीत आहे, पण अर्धीच. जून १९९२ मधला एन्रॉन या अमेरिकी कंपनीशी वीजकेंद्रासाठी झालेला सामंजस्य करार, डिसेंबर १९९३ चा वीजखरेदी करार, ऑगस्ट १९९५ मध्ये युती सरकारने प्रकल्प रद्द करणे आणि काही महिन्यांतच नव्या अटींवर तो पुन्हा स्वीकारणे, हा सगळा इतिहास युनिटच्या दराभोवती लिहिला गेला. अंजनवेल, रानवी, काताळवाडी, वेलदूर या गावांचा प्रश्न दराचा नव्हताच. त्यांना खाडीतल्या माशांची, गावच्या पाण्याची, आंबा-काजूच्या बागांची काळजी होती. वेलदूर हे मच्छीमारांचे गाव. ३ जून १९९७ च्या पहाटे, पुरुष बहुतांशी मासेमारीला गेलेले असताना, पोलीस तिथे घराघरांत शिरले आणि बायकांना मारहाण करून धरून नेले. ह्यूमन राइट्स वॉच या संघटनेने जानेवारी १९९९ च्या अहवालात हा प्रसंग सविस्तर नोंदवला आणि शांततेने विरोध करणाऱ्यांच्या छळात कंपनीचाही हात असल्याचा ठपका ठेवला. मे १९९९ मध्ये पहिला टप्पा सुरू झाला, २००१ मध्ये केंद्र बंद पडले, त्याच वर्षाच्या अखेरीस एन्रॉनचे दिवाळे वाजले. २००५ मध्ये एनटीपीसी आणि गेल यांच्या पुढाकाराने रत्नागिरी गॅस अँड पॉवर ही कंपनी उभी राहिली आणि २०१३ च्या सुरुवातीला तिथला द्रवरूप वायू उतरवण्याचा धक्का चालू झाला. ज्या किनाऱ्यावर वेलदूरच्या बायकांनी मार खाल्ला, तोच दक्षिणेकडे जाणाऱ्या वायूचे प्रवेशद्वार झाला. गावांचा विरोध हरला, हे खरे. पण तो दिसला, नोंदला गेला आणि जगाला कळला. याचे कारण त्याला एक जागा होती. कुंपण होते, फाटक होते, आणि फाटकासमोर जमता येत होते.

धरण किंवा कारखाना माणसांना एकत्र आणतो, मग तो त्यांना उठवणारा का असेना. १९२१ साली मुळशीत टाटांच्या धरणाविरुद्ध मावळे सत्याग्रहाला बसले, सेनापती बापट त्यांचे पुढारी झाले, कारण पाण्याखाली जाणार होते ते सगळे खोरे, आणि खोऱ्यातल्या प्रत्येक गावाचे दुःख एकाच पातळीचे होते. पाइपलाइनचे तसे नसते. ती कोणाचे अख्खे गाव घेत नाही. तिला लागते वीस-तीस मीटर रुंदीची पट्टी: एकाच्या शेताचा कोपरा, दुसऱ्याच्या बांधालगतचा भाग, तिसऱ्याच्या विहिरीपासून थोड्या अंतरावरची जागा. हजार किलोमीटरमध्ये हजारो खातेदार बाधित होतात, पण प्रत्येकाचे नुकसान वेगळे, शेजाऱ्याचे काहीच नाही, आणि पुढच्या तालुक्यातला बाधित शेतकरी याला ओळखतही नाही. धारवाडच्या कापूसवाल्याने आणि तुमकूरच्या नारळवाल्याने एकत्र यायचे म्हटले तरी भेटायचे कुठे? मधला माणूस गप्प राहतो तो बहुतेक वेळा एकटा पडला म्हणून.

कायदा हा एकटेपणा पक्का करतो. १९६२ साली संसदेने पेट्रोलियम वाहिन्यांसाठी जमिनीच्या वापराचा हक्क संपादन करण्याचा कायदा केला. १९७७ मध्ये त्यात खनिजांची भर पडली. मूळ कायदा झाला तेव्हा आसामातल्या तेलक्षेत्रांपासून शुद्धीकरण कारखान्यांपर्यंत वाहिन्या टाकण्याची घाई होती. आज तेलाची असो वा वायूची, मोठी वाहिनी याच कायद्याने शेताखालून जाते. सरकार जमीन घेत नाही, तिच्याखालून नळ नेण्याचा हक्क तेवढा घेते. सातबाऱ्यावर, कर्नाटकात पहाणीवर, नाव शेतकऱ्याचेच राहते. राजपत्रात अधिसूचना निघाली की त्या जमिनीशी हितसंबंध असलेल्या माणसाला हरकत घ्यायला २१ दिवस मिळतात. पिकाचे वगैरे प्रत्यक्ष नुकसान झाले तर त्याची भरपाई वेगळी. पण वापरहक्काचा मोबदला म्हणून मिळते जमिनीच्या बाजारभावाच्या १० टक्के रक्कम. कायद्याच्या नवव्या कलमात शेतकऱ्यावरची बंधने आहेत. त्या पट्टीवर त्याने इमारत बांधायची नाही; तळे, विहीर, जलाशय किंवा बंधारा खणायचा-बांधायचा नाही; झाड लावायचे नाही. चित्रदुर्ग-तुमकूरसारख्या कोरडवाहू भागात शेतकऱ्याच्या हाती असते ते एवढेच: एक विहीर, एक शेततळे, चार नारळ-सुपारीची झाडे. ज्या तुमकूर जिल्ह्यातल्या तिपटूरचे खोबरे देशभर जाते तिथल्या माणसाला झाड लावू नको असे सांगून वर जमीन तुझीच आहे म्हणणे, आणि त्याची किंमत दहा टक्के ठरवणे, हा हिशेब मला कोणत्याही अंगाने न्याय्य वाटत नाही.

याच कायद्याचे सातवे कलम इतकेच बोलके आहे, पण त्याकडे सहसा कोणी लक्ष देत नाही. राहत्या जागेखालून, पक्क्या बांधकामाखालून किंवा घराला लागून असलेल्या आवारातून वाहिनी नेता येत नाही, असे ते सांगते. सुरक्षिततेच्या दृष्टीने हे योग्यच आहे. पण त्याचा परिणाम असा की जे बांधलेले आहे ते वाचते आणि जे उघडे आहे ते वाट बनते. शेत, गायरान, माळ हे सगळे मोकळ्या जागेत जमा होतात. नकाशावर आखणी करणाऱ्याला शहर हा अडथळा वाटतो आणि रान म्हणजे सोय. त्या रानात मागल्या पाच पिढ्यांनी काय बांधबंदिस्ती केली, पावसाचे पाणी कुठून कुठे वाहते, पुढच्या वर्षी कोण कुठे विहीर खणणार होता, याला त्या आखणीत स्थान नाही.

लोकांना खरेच त्रास होत असता तर ते बोलले असतेच, हा आक्षेप इथे येतो. त्याचे उत्तर शेजारच्या दोन राज्यांत आहे. कोची–कूट्टनाड–बंगळुरू–मंगळुरू ही गेलचीच दुसरी पाइपलाइन. ती तमिळनाडूच्या कोइम्बतूर, तिरुप्पूर, ईरोड, नामक्कल, सेलम, धर्मपुरी, कृष्णगिरी या सात जिल्ह्यांतून जाणार होती. तिथले शेतकरी बोलले, आणि सरकारने ऐकले म्हणून त्यांचा आवाज टिकला. २०१३ मध्ये राज्य सरकारने शेतातले नळ काढून महामार्गाच्या कडेने न्या असे गेलला बजावले. मद्रास उच्च न्यायालयाने त्याच वर्षी तो आदेश रद्द केला आणि फेब्रुवारी २०१६ मध्ये सर्वोच्च न्यायालयानेही गेलच्या बाजूने कौल दिला, कारण १९६२ चा कायदा केंद्राचा आहे आणि आखणी ठरवण्याचा अधिकारही. दरम्यान जून २०१४ मध्ये आंध्र प्रदेशातल्या नगरम गावात गेलच्या वाहिनीचा स्फोट होऊन वीसहून अधिक माणसे दगावली, आणि तमिळनाडूतल्या शेतकऱ्यांची भीती निराधार नव्हती हे सगळ्यांना दिसले. केरळमध्ये नोव्हेंबर २०१७ मध्ये कोळिकोड जिल्ह्यात मुक्कमजवळ आंदोलकांवर लाठीमार झाला. त्यानंतर सरकारने मोबदला वाढवला आणि दहा सेंट (एक दशांश एकर) किंवा त्याहून कमी जमीन असलेल्यांना पाच लाख रुपये विशेष मदत जाहीर केली. एकच कंपनी, एकच कायदा. तरी जिथे लोकांना एकत्र येता आले आणि कोणी तरी दखल घेतली तिथे अटींना आव्हान मिळाले, केरळात तर त्या बदलल्या. म्हणजे जुन्या अटी लोकांना मान्य होत्या हा दावा टिकत नाही.

येलहंक्याकडे पाहिले की हे अधिक स्पष्ट होते, कारण इथला सगळा इतिहासच पाण्याच्या वाटांचा आहे. १५३७ साली बंगळुरूची पेठ वसवणारे केंपेगौडा हे येलहंक्याचे नाडप्रभू. १६३८ मध्ये रणदुल्लाखानाच्या आदिलशाही फौजेबरोबर शहाजीराजांनी त्यांच्या वंशजाकडून बंगळूर घेतले. पुढे जवळपास पन्नास वर्षे, १६८७ पर्यंत, हा मुलूख भोसल्यांकडे होता, तेव्हा मराठी वाचकाला तो परका नाही. या पठारावर बारमाही नदी नाही. येलहंका ज्या उंचवट्यावर आहे त्याच्या पश्चिमेचे पाणी अर्कावतीत आणि पुढे कावेरीत जाते, पूर्वेचे दक्षिण पिनाकिनीत. म्हणून राजवट कोणाचीही असो, इथे टिकली ती तळ्यांची साखळी: येलहंक्याचे पाणी जक्कूरला, जक्कूरचे राचेनहळ्ळीला. तळ्याची मोरी उघडण्याचे आणि कोणाच्या शेताला किती पाणी हे पाहण्याचे काम नीरगंटी करत. ते बहुधा दलित समाजातले असत आणि मोबदला धान्यात घेत. हा अधिकार कोणत्याही करारात लिहिलेला नव्हता, तरी तो पिढ्यान्‌पिढ्या पाळला गेला.

मग नळ आले. येलहंक्याच्या पश्चिमेला अर्कावतीवर हेसरघट्ट्याचे तळे आहे. दिवाण के. शेषाद्री अय्यर यांच्या काळात तिथून नळाने बंगळुरूला पाणी न्यायची योजना झाली आणि १८९६ मध्ये शहरात नळाचे पाणी खेळू लागले. शहराची तहान भागेना, तेव्हा १९३३ मध्ये तिप्पगोंडनहळ्ळीचा जलाशय झाला, १९७४ मध्ये कावेरीचे पाणी आले. गेल्या काही दशकांत येलहंक्याचे सांडपाणीही मोलाचे ठरले. इथल्या शुद्धीकरण केंद्रातून दिवसाला एक कोटी लिटर क्षमतेने शुद्ध केलेले पाणी विमानतळाला, रेल्वेच्या चाक कारखान्याला आणि इतर उद्योगांना देण्याची व्यवस्था झाली. जक्कूरच्या सुमारे १६० एकरांच्या तळ्याला मात्र अशाच शुद्ध केलेल्या सांडपाण्याने नवे जीवन मिळाले होते. पाणी आधी दलदलीतून गाळून तळ्यात उतरे, तळ्यात मासेमारी चाले, भोवतालच्या विहिरींना पाझर मिळे. नव्या वायुकेंद्राला थंड करण्यासाठी जक्कूरचे पाणी द्यायचे ठरले, तेव्हा तळे राखणाऱ्यांना धास्ती वाटली ती म्हणूनच. वायूची वाहिनी येलहंक्यात एकटी आली नाही, येताना पाण्याच्या वाहिनीची मागणी घेऊन आली. २ ऑक्टोबर २०२० रोजी चाचणीच्या काळात केंद्रात आग लागून कर्मचारी भाजले आणि लोकांच्या मनातल्या भीतीला आणखी एक कारण मिळाले. भोवतालच्या गृहसंकुलांतल्या रहिवाशांनी हवेचा प्रश्न लावून धरला, पक्ष्यांसाठी राखीव ठरलेल्या पुट्टेनहळ्ळी तळ्याचा मुद्दा पुढे आला. हजार किलोमीटर जमिनीखालून आलेली गोष्ट इथे तळ्याकाठी जमिनीवर आली, आणि लगेच तिला विरोधक मिळाले.

अमेरिकेतल्या स्टँडिंग रॉक इथला सू मूळनिवासींचा लढा याच अंगाने समजून घ्यायला हवा. डकोटा ॲक्सेस ही तेलवाहिनी नॉर्थ डकोटापासून इलिनॉयपर्यंत १,१७२ मैल जाते. त्यातला बहुतेक भाग खासगी जमिनीखालून आहे. आयोवातले शेतकरी सक्तीच्या संपादनाविरुद्ध न्यायालयात गेले आणि २०१९ मध्ये राज्याच्या सर्वोच्च न्यायालयात हरले. जगाने त्यांची फारशी दखल घेतली नाही. जगाने पाहिले ते स्टँडिंग रॉक, कारण तिथे वाहिनी मिसुरी नदीवरच्या ओआहे जलाशयाखालून, सू लोकांच्या राखीव प्रदेशाच्या अर्ध्या मैलावरून जात होती. आधी विचारात घेतलेली बिस्मार्क शहराजवळची वाट सोडून देण्यात आली होती. शहराचे पाणी धोक्यात येईल हे त्यामागचे एक कारण होते. आणि तो जलाशय तरी कसा झाला? विसाव्या शतकाच्या मध्यात ओआहे धरण बांधताना स्टँडिंग रॉकची सुमारे ५६ हजार एकर जमीन बुडाली. १८५१ आणि १८६८ च्या तहांनी दिलेला प्रदेश आधीच आक्रसलेला होता. परवाने देताना मात्र प्रत्येक नदी-ओढा ओलांडणे हे स्वतंत्र काम धरले गेले, म्हणजे संपूर्ण वाहिनीचा एकत्रित परिणाम कोणी एकाने तोलायची गरजच उरली नाही. एप्रिल २०१६ मध्ये नदीकाठी छावणी पडली, ४ डिसेंबरला लष्करी अभियंता विभागाने जलाशयाखालची परवानगी नाकारली, जानेवारी २०१७ मध्ये नव्या राष्ट्राध्यक्षांनी तो निर्णय फिरवला आणि जूनपासून तेल वाहू लागले. २०२० मध्ये न्यायालयाने नव्याने पर्यावरण-अभ्यासाचा आदेश दिला. पण वाहिनी बंद झाली नाही.

इथे एक रास्त हरकत निघते. सू हे मूळनिवासी, त्यांच्याकडे राष्ट्राराष्ट्रांत झालेले तह. येलहंक्याचे रहिवासी किंवा तुमकूरचे शेतकरी मूळनिवासी नाहीत, मग ही तुलना कशाच्या जोरावर? तह नाहीत हे खरे, आणि हा फरक लहान नाही. तहामुळे स्टँडिंग रॉकला न्यायालयात जो आधार मिळाला तो नीरगंटीला कधी मिळाला नाही. पण मी तुलना करतो ती हक्काच्या कागदाची नाही, वाहिनी कशी आखली जाते त्या पद्धतीची. दोन्हीकडे शहराजवळची वाट टाळली जाते, दोन्हीकडे नुकसान तुकड्या-तुकड्यांत मोजले जाते, दोन्हीकडे आधी गेलेली जमीन आणि पाणी हिशेबात धरले जात नाही. उलट ज्यांच्याकडे तहाचा कागदही नाही त्यांना या पद्धतीपासून अधिक संरक्षण हवे. वेलदूरच्या मच्छीमारांचा खाडीवरचा हक्क असाच होता: जुना, सगळ्यांना ठाऊक असलेला, आणि कुठेही न लिहिलेला.

वायू डिझेलपेक्षा आणि कोळशापेक्षा स्वच्छ आहे, टँकरपेक्षा वाहिनी सुरक्षित आहे, आणि बंगळुरूला वीज हवी आहे, हेही कोणी म्हणेल. तिन्ही गोष्टी मला मान्य आहेत. येलहंक्याच्या जुन्या डिझेल केंद्राचा धूर आठवणारा माणूस त्या नाकारू शकणार नाही. पण स्वच्छ इंधनासाठी झाड लावण्यावर बंदी हवी तर त्या झाडाची पुढच्या तीस वर्षांची किंमत द्यायला काय हरकत आहे? कायद्यातले दहा टक्के १९६२ पासून तसेच आहेत. केरळने दाखवले की जास्त देता येते. आणि आखणीची सूचना एकेका सर्व्हे नंबरच्या मालकाला देण्याऐवजी ग्रामसभांना संपूर्ण नकाशासह, कोणत्या ओढ्या-तळ्यांचे पाणलोट ओलांडले जाणार हे दाखवून दिली, तर वायूचा एक रेणूही कमी येणार नाही.

येलहंक्याच्या गृहसंकुलांतले विरोधक स्वतःच शेतकऱ्यांच्या जमिनीवर राहतात, तेव्हा त्यांना बोलण्याचा अधिकार काय, असेही विचारले जाते. हा प्रश्न टोचणारा आहे आणि टोचला पाहिजे. पण त्याचे उत्तर विरोध सोडणे नव्हे, विरोध जोडणे आहे, आणि त्याचे उदाहरण येलहंक्यापासून फार लांब नाही. विमानतळाच्या पलीकडे देवनहळ्ळी तालुक्यात चन्नरायपट्टण होबळीतल्या १३ गावांची १,७७७ एकर जमीन विमान-उद्योगासाठी घेण्याचे कर्नाटक औद्योगिक क्षेत्र विकास मंडळाने ठरवले. ४ एप्रिल २०२२ पासून शेतकरी धरण्यावर बसले. जून २०२५ मध्ये पोलिसांनी त्यांना उचलले, तेव्हा शहरातले लेखक, कलावंत, कामगार संघटना त्यांच्या बाजूने रस्त्यावर आल्या. १५ जुलै २०२५ रोजी, धरण्याच्या १,१९८ व्या दिवशी, मुख्यमंत्री सिद्धरामय्या यांनी संपादन मागे घेतल्याचे जाहीर केले. शेतकऱ्यांना हे साधले कारण घेतली जाणार होती ती सलग जमीन, सगळ्यांची एकदम. याच तेरा गावांच्या शेतांखालून उद्या पाइपलाइन न्यायचे ठरले, तर सव्वातीन वर्षांच्या आसपास धरण्यावर बसलेल्या याच लोकांना राजपत्रातल्या सूचनेनंतर २१ दिवस मिळतील, आणि हरकत घेता येईल ती फक्त आपापल्या सर्व्हे नंबरपुरती.